सत्य कडू असतं : ह्यूबर्ट ओगुंडेच्या निमित्ताने

आफ्रिकेतलं नाटक म्हटलं की आपल्यातला वाचणारा पोरगा झटकन वोले सोयिंकाचं नाव घेतो. घ्यावंच. १९८६ चं नोबेल मिळालेला, १९६७ ते ६९ आपल्याच देशाच्या सरकारच्या तुरुंगात सडलेला माणूस आहे तो. पण सोयिंका आपल्यापर्यंत पोचला त्याचं एक साधं कारण आहे. तो इंग्रजीत लिहितो. इंग्रजीत येतं तेवढंच जग, बाकी सगळा काळोख, अशी आपलीही सवय झालीय. शिव्या इंग्रजांना द्यायच्या आणि जग बघायचं ते त्यांच्याच खिडकीतून.

त्याच नायजेरियात, त्याच योरुबा लोकांत, सोयिंका शाळकरी पोरगा होता तेव्हा एक पोलीस शिपाई नाटक करायला लागला. नाव ह्यूबर्ट ओगुंडे. पुढे त्याने खाकी उतरवली आणि मरेपर्यंत, म्हंजे पंचेचाळीस वर्षं, फड घेऊन हिंडला. बहुतेक नाटकं योरुबात. त्यातली फारच थोडी पुस्तकात छापली गेली. गोऱ्या सरकारने त्याच्यावर बंदी घातली. देश स्वतंत्र झाल्यावर काळ्या सरकारने त्याहून मोठी घातली. आणि हा गडी बंदीच्या हद्दीबाहेर तंबू ठोकून परत बोंबलायला तयार.

खरं सांगतो, मी हा लेख आरती ओवाळायलाच घेतला होता. अर्ध्यावर आलो आणि हात थांबला. का थांबला ते पुढे येईलच. आधी माणूस समजून घेऊ.

ओगुंडे जन्मला १९१६ साली, ओसोसा नावाच्या गावात. हा योरुबांचा इजेबू मुलूख. बाप बाप्टिस्ट चर्चचा माणूस, ऑर्गनवर बसणारा. आईकडचा आजा जुन्या देवांचा पुजारी. पोरगं दोन्हीकडे वाढलं. रविवारी चर्चमधली गाणी, आणि एरवी एगुनगुनच्या मागे पळायचं. एगुनगुन म्हंजे पूर्वजांचं सोंग. अंगभर कापडं, तोंडावर पडदा, पुढे ढोल, मागे गाव. याच सोंगांतून योरुबांत शेकडो वर्षांपूर्वी गावोगाव हिंडणारी नाटकमंडळी तयार झाली होती. त्यांना अलारिंजो म्हणत. मिशनरी आले आणि त्यांनी हे सगळं सैतानाचं म्हणून निकालात काढलं. शिकलेल्या काळ्या माणसाला आपल्याच ढोलाची लाज वाटायला लागली. लाज वाटायला लावणं हे साम्राज्यवाद्यांचं जुनं काम आहे. तोफेपेक्षा ते स्वस्त पडतं.

ओगुंडे आधी शाळामास्तर झाला. १९४१ साली पोलिसात शिरला. पोटासाठी शिरला, दुसरं काय. बदली होऊन लागोसला आला. तिथं आलादुरा पंथाच्या एका चर्चला इमारतीसाठी पैसा उभा करायचा होता. आलादुरा म्हंजे काळ्यांनी स्वतः काढलेले, गोऱ्या पाद्र्याच्या हाताखाली नसलेले प्रार्थनापंथ. त्यांनी ओगुंडेला नाटक बसवायला सांगितलं. 'एदनची बाग आणि देवाचं सिंहासन'. १२ जून १९४४, ग्लोव्हर मेमोरियल हॉल. हॉलला नाव गोऱ्या गव्हर्नरचं आणि आत बसणारी मंडळी लागोसची सुटाबुटातली.

आतापर्यंत चर्चची संगीत नाटकं कशी होत? रांगेत उभं राहायचं, हात बांधायचे, गायचं. ओगुंडेने रांग मोडली. त्याने माणसांना नाचायला लावलं, स्टेजवर खरा खेळ केला, आणि मिशनरी ज्याला सैतानाचा म्हणत तो ढोल बायबलच्या गोष्टीत आणून वाजवला. लोक खुळावले. देवाच्या निमित्ताने लोकांना आपलं अंग परत मिळालं, असं मी म्हणेन. १९४५ साली त्याने स्वतःची मंडळी काढली आणि पोलिसाची नोकरी सोडली. मंडळीचं नाव 'आफ्रिकन म्युझिक रिसर्च पार्टी'. नायजेरियातली ही पहिली आधुनिक धंदेवाईक नाटकमंडळी मानतात. धंदेवाईक हा शब्द ऐकून नाक मुरडू नका. ग्रँट नाही, शेठ नाही, संस्थानिक नाही. तिकीट खपलं तर भाकरी. याचा अर्थ पुढे कळेल.

१९४५ चं साल नुसतं नाटकाचं नव्हतं. दुसऱ्या महायुद्धात भाव चढले, पगार होते तिथेच. नायजेरियातल्या सरकारी कामगारांनी, रेल्वेवाल्यांनी, पोस्टातारवाल्यांनी पन्नास टक्के महागाई भत्ता मागितला. सरकार म्हणालं, नाही. त्यांचा पुढारी मायकेल इमूडू, रेल्वे कामगार. त्याला १९४३ पासून सरकारने तडीपार करून ठेवला होता. तो १९४५ च्या जूनमध्ये परत आला आणि त्याच महिन्यात संप पेटला. महिन्यावर चालला. नामदी अझिकिवेची 'वेस्ट आफ्रिकन पायलट' आणि 'डेली कॉमेट' ही दोन वर्तमानपत्रं संपकऱ्यांच्या बाजूने लिहीत होती. जुलैत सरकारने दोन्ही बंद केली.

वर्तमानपत्र बंद झालं तर बातमी कुठं जाते? ती गाण्यात जाते, सोंगात जाते. ओगुंडेने नाटक काढलं 'संप आणि भूक'. राजाची जुनी गोष्ट सांगतो असं दाखवून चालू संपाची गोष्ट सांगितली. बघणाऱ्याला कोण राजा आणि कोण रयत हे समजावून सांगावं लागत नव्हतं. १९४६ साली हे नाटक घेऊन तो जोसला गेला. जोस म्हंजे कथलाच्या खाणींचा मुलूख. तिथं सरकारने नाटक बंद पाडलं, त्याला पकडलं, दंड ठोकला. त्याच वर्षी त्याने 'वाघाचं साम्राज्य' केलं. वाघ कोण ते तुम्हीच ओळखा. लागोसमधल्या पोराटोरांनीही ओळखलं होतं.

मग १८ नोव्हेंबर १९४९. एनुगूच्या इवा व्हॅली खाणीत कोळसा कामगार थकलेल्या पगारासाठी भांडत होते. गोऱ्या अधिकाऱ्याच्या हुकमावरून पोलिसांनी गोळ्या चालवल्या. एकवीस माणसं मेली. निःशस्त्र. ओगुंडेने १९५० साली नाटक केलं, 'भाकरी आणि गोळी'. कानोत त्यावर बंदी आली.

इथं दोन गोष्टी नीट बघा. एक, गोळ्या घालणारे पोलीस होते आणि नाटक लिहिणारा कालचा पोलीस होता. आपण कुठला गणवेश घालून भाकरी खाल्ली हे तो विसरला नाही. दुसरी, एनुगू हा इग्बो लोकांचा मुलूख. ओगुंडे योरुबा. ज्या देशात प्रत्येक पुढारी आपापल्या जमातीचं गाठोडं बांधून बसला होता तिथं हा फडवाला परक्या जमातीच्या खाणकामगारासाठी रडला. आणि दुसऱ्यांनाही तिकीट काढून रडायला लावलं. ही बांधिलकी. परिसंवादात बोलायची नव्हे.

इथवर गोष्ट सोपी आहे, दोस्तहो. समोर गोरा आहे. तो परका आहे. त्याला शिव्या घातल्या की टाळी पडते. तुरुंग मिळाला तरी तुरुंगाबाहेर हार घेऊन माणसं उभी असतात. शत्रूबद्दल सत्य बोलायला छाती लागते हे खरं. पण ते सत्य आपल्या जिभेला गोडच लागतं.

१ ऑक्टोबर १९६० ला नायजेरिया स्वतंत्र झाला. झेंडा बदलला. आता पश्चिम प्रांतात, म्हंजे योरुबांच्या मुलखात, आपलीच माणसं गादीवर. आणि आपल्याच माणसांत जुंपली. एकीकडे ओबाफेमी अवोलोवो, दुसरीकडे प्रांताचा प्रीमियर सॅम्युएल अकिंतोला, कालपर्यंत अवोलोवोचाच उपनेता. १९६३ साली अवोलोवोला राजद्रोहाच्या खटल्यात दहा वर्षांची शिक्षा झाली. अकिंतोला गादीवर राहिला, दिल्लीशी जुळवून घ्यावं तसं केंद्रातल्या सत्ताधाऱ्यांशी जुळवून.

१९६४ साली अकिंतोलाच्या गटाची एक सांस्कृतिक संस्था होती, एग्बे ओमो ओलोफिन. तिने ओगुंडेला नाटकाची सुपारी दिली. आपला कार्यक्रम आहे, झकास नाटक करा. ओगुंडेने केलं. 'योरुबा रोनू'. अर्थ, योरुबांनो, विचार करा. गोष्ट पुन्हा राजाची. एका राजाला त्याचाच दुय्यम दगा देतो, शत्रूशी हातमिळवणी करून त्याला पकडून देतो, आणि मग सगळी प्रजा भोगते. समोर बसलेत प्रीमियरसाहेब, सुपारी देणारे साहेब, आणि स्टेजवर त्यांचीच कुंडली उघडून वाचतायत. अकिंतोला मध्येच उठून चालता झाला असं सांगतात.

सरकारने नुसतं नाटक बंद केलं नाही. ओगुंडेच्या अख्ख्या मंडळीलाच पश्चिम प्रांतात बंदी घातली. स्वतंत्र नायजेरियात नाटकमंडळीवर अशी बंदी पहिल्यांदाच आली. गोऱ्यांनी एका गावात, दोन गावांत अडवलं होतं. आपल्या माणसाने त्याच्या अख्ख्या भाषेच्या मुलखातून त्याला हाकललं. ज्यांना त्याची भाषा कळते तेच प्रेक्षक काढून घेतले. नाटकवाल्याला याच्यापेक्षा मोठी शिक्षा कोणती?

ओगुंडे गप्प बसला? त्याने दुसरं नाटक काढलं, 'ओतितो कोरो'. सत्य कडू असतं. लागोस तेव्हा केंद्राच्या ताब्यात होतं, तिथं पश्चिम प्रांताचा हुकूम चालत नव्हता. तो तिथून खेळला, बाहेरच्या मुलखात खेळला. आणि इथंच त्या तिकिटाचा अर्थ कळतो. सरकारी ग्रँटवर जगणारी मंडळी असती तर बंदीच्या दुसऱ्या दिवशी तिचं दुकान बंद झालं असतं. ओगुंडेचा मालक एकच, तिकीट काढणारा माणूस. आणि तो एका ठिकाणी बसत नाही. हजार ठिकाणी बसतो.

पुढे काय झालं? १९६५ च्या ऑक्टोबरात पश्चिम प्रांतात निवडणूक झाली, ती लुबाडली गेली. लोकांनी घरं जाळली, माणसांवर पेट्रोल ओतून माणसं जाळली. १५ जानेवारी १९६६ ला लष्कराने उठाव केला, त्यात अकिंतोला मारला गेला. फेब्रुवारीत नव्या लष्करी गव्हर्नरने, फाजुयीने, ओगुंडेवरची बंदी उठवली. मतं मागून निवडून आलेल्याने बंदी घातली आणि बंदूकवाल्याने ती उठवली. नाटकवाला ओरडून सांगत होता की विचार करा. विचार करायची वेळ निघून गेल्यावर त्याला परत स्टेज मिळालं.

हे वाचताना मला आमचंच आठवलं. सांगून टाकतो. आमच्या पथनाट्याच्या ग्रुपला एका स्थानिक पुढाऱ्याने प्रयोग दिला होता. मंडप त्याचा, माईक त्याचा, नाश्ता त्याचा. आदल्या रात्री त्याचा माणूस आला. म्हणाला, 'नाटक एक नंबर आहे, ते रेशन दुकानवाल्याचं तेवढं काढा, साहेबांचे नातेवाईक लागतात.' आम्ही काढलं. च्यायला, वादसुद्धा घातला नाही. वर एकमेकांना समजावलं की बाकीचं सगळं तर बोलतोयच ना. ओगुंडेलाही सुपारीच मिळाली होती. सुपारी घेऊन त्याने काय केलं आणि आम्ही काय केलं हे तुम्हीच ताडून बघा.

आता माझा हात का थांबला ते.

ओगुंडेला पहिल्यापासून बायका हव्या होत्या, पगारी नट्या म्हणून. लागोससारख्या शहरात ही नवी गोष्ट होती. नाटकात काम करणारी बाई म्हंजे वाया गेलेली, असं समाजाचं मत. जाहिरात दिली, कुणी फिरकेना. मग म्हणे कारकून मुली पाहिजेत अशी जाहिरात दिली आणि आलेल्या मुलींना खरं काम सांगितलं. इथपर्यंत हसू येतं. पण शिकवून तयार केलेल्या मुली लग्न झालं की जायच्या. नवरा नाही म्हणायचा, सासर नाही म्हणायचं. ओगुंडेने यावर तोड काढली. तो नट्यांशी स्वतःच लग्न करायला लागला. एक नाही, दोन नाही. दहाहून जास्त बायका केल्या. बायका नट्या, पोरं नट, घर म्हंजेच मंडळी.

त्याचे भक्त हे कौतुकाने सांगतात. बघा कशी मंडळी टिकवली! त्याची बाजूही समजून घेऊ. त्या समाजात अनेक बायका करणं मान्य होतं, आणि नटीला वेश्या म्हणणाऱ्या शहरात ओगुंडेची बायको ही पदवी तिला इज्जत देत होती. या बायकांनी काम केलं ते काही साधंसुधं नाही. त्याची पहिली बायको अदेसेवा मंडळीची मोठी नटी होती, लोकांचं तिच्यावर प्रेम होतं. १९७० साली मोटारीच्या अपघातात ती गेली. लॉरीच्या त्याच रस्त्यांवर या बायकांचं सगळं आयुष्य गेलं.

पण मला एक प्रश्न सुटत नाही. पगारी नटी भांडू शकते, पगार वाढवून मागू शकते, नाही जमलं तर सोडून जाऊ शकते. बायको कुठं जाणार? ज्या माणसाने 'संप आणि भूक' लिहिलं, त्याच्या फडात संप कुणी करायचा? नवऱ्याविरुद्ध महागाई भत्ता मागायचा? कामगाराची बाजू घेणाऱ्याने आपल्या कामगारांची अडचण त्यांना घरात घेऊन मिटवली. मालक, दिग्दर्शक, नवरा, सगळं एकाच माणसात. कुठल्याही गिरणीमालकाला हेवा वाटावा अशी ही व्यवस्था आहे.

आणि दुसरं. १९६७ साली बियाफ्राचं युद्ध सुरू झालं. फुटून निघालेला मुलूख इग्बोंचा. एनुगू, जिथल्या एकवीस खाणकामगारांसाठी ओगुंडेने 'भाकरी आणि गोळी' केलं होतं, ती बियाफ्राची पहिली राजधानी. १९७० पर्यंत लाखो माणसं मेली, गोळीने कमी आणि भुकेने जास्त. ओगुंडेचं १९६८ चं नाटक कोणतं? 'कीप नायजेरिया वन'. नायजेरिया एक ठेवा. ही सरकारची युद्धघोषणा होती, भिंतीभिंतीवर लावलेली. ती नाटकाला नाव म्हणून आली. १९७६ साली लष्करी राष्ट्रप्रमुख मुर्तला मोहम्मद मारला गेला, तर त्याच्या नावाचं नाटक आलं. पुढे १९८० च्या दशकात सरकारच्या राष्ट्रीय नाट्यपथकाचं काम लष्करी राजवटीने त्याच्याकडे सोपवलं आणि त्याने ते घेतलं.

म्हंजे म्हातारा विकला गेला? मी असं म्हणणार नाही. असं म्हणणं फार स्वस्त आहे. त्याच काळात तो सिनेमात उतरला होता. ओला बालोगुनने दिग्दर्शित केलेला 'आये' आला, १९८१ ला 'जायेसिनमी' आला, १९८२ ला 'आरोपिन न्तेनिया' आला. योरुबा सिनेमा बघायला तोबा गर्दी होऊ शकते हे त्याने दाखवलं. त्याच्या वाटेने योरुबा मुलखात शंभरावर फिरत्या नाटकमंडळ्या उभ्या राहिल्या. कोला ओगुनमोला, दुरो लादिपो, मोझेस ओलाया, ही सगळी त्याच्या मागून आलेली माणसं. कुठल्या अकादमीने एवढं काम केलंय? ४ एप्रिल १९९० ला तो लंडनच्या इस्पितळात वारला, आणि ओसोसाला तोवर त्याने स्वतःचं फिल्म-गाव उभारलेलं होतं.

मला म्हणायचंय ते वेगळं. सत्याच्या तीन पायऱ्या असतात. पहिली, शत्रूच्या तोंडावर बोलायचं. ओगुंडे ती १९४५ साली चढला. दुसरी, आपल्या जातभाईच्या, आपल्या पुढाऱ्याच्या, आपल्याला सुपारी देणाऱ्याच्या तोंडावर बोलायचं. ती तो १९६४ साली चढला, आणि त्याची किंमत मोजली. आपल्यातले बहुतेक पहिल्याच पायरीवर बसून चहा पितात. तिसरी पायरी आपल्या घरात आहे. तिथं मालक आपण असतो. तिथं स्टेज आपलं, पडदा आपला, आणि बंदी घालायचा हुकूमही आपलाच. तिथं ओगुंडे थांबला.

म्हणून त्याचा पुतळा करू नका. पुतळा केला की बायकांचा हिशेब पुतळ्याच्या चौथऱ्याखाली गाडावा लागतो. आणि त्याला फेकूनही देऊ नका. फेकून दिलं तर 'योरुबा रोनू'ची रात्रही त्याच्याबरोबर जाते, आणि ती रात्र आपल्याला पाहिजे.

त्या पुढाऱ्याच्या मंडपात आम्ही प्रवेश गाळला त्या रात्री आणखी एक गोष्ट झाली होती. तालमीला पंधराजण होतो. चार मुली. चर्चा पोरांनी केली, गाळायचं पोरांनी ठरवलं, आणि चर्चा चालू होती तेव्हा चहा कुणी केला हे मला विचारू नका. गाळलेला प्रवेश त्यातल्याच एका मुलीने लिहिला होता. तिला कुणी विचारलं नाही. मीसुद्धा नाही.

पुढच्या तालमीला हे सगळ्यांसमोर बोलणार आहे. कडू लागेल. लागू दे.